जुन्या संगीतपटांचे गीतकार : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मराठवाड्यातली भजनी मंडळं, शाळांचे सांस्कृतिक विभाग, ऑर्केस्ट्रावाले, जयंती मंडळं आणि मराठीचे विद्यार्थी यांच्याकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. 'जुने' म्हणजे बोलपट सुरू झाल्यापासून, १९३१ पासून, साधारण १९८० पर्यंतचे मराठी-हिंदी चित्रपट. मराठवाड्याच्या गीतकारांसाठी मात्र ही रेघ थोडी पुढे नेली आहे. एखादी गोष्ट दुसऱ्या उत्तरात आली असेल तर तिथे क्रमांक दिला आहे.

१. गीतकार म्हणजे कवीच ना? मग वेगळं नाव कशाला?

माणूस तोच असू शकतो, काम वेगळं असतं. कविता लिहिणारा स्वतःच्या मनातलं लिहितो. गीतकाराला दिग्दर्शक प्रसंग देतो: कोण गाणार, कुणासमोर, कथेत त्या घटकेला त्या पात्राला काय ठाऊक आहे आणि काय नाही. खेड्यातली न शिकलेली बाई गाणार असेल तर तिच्या तोंडी संस्कृत समास घालता येत नाही, ओळ कितीही देखणी असो. त्यात गाणं पहिल्यांदा ऐकताना कळायला लागतं, कारण थिएटरात पान उलटून मागे जाता येत नाही. एवढ्या अटींत जे टिकतं ते गीत. त्याला कवितेपेक्षा कमी मानायची सवय अजूनही दिसते, आम्हाला ती पटत नाही.

२. आधी शब्द की आधी चाल?

दोन्ही प्रकारे काम झालं आहे. संतरचना किंवा आधी छापलेली कविता घेतली तर शब्द आधी असतातच. पुढे नृत्याची, ठेक्याची गाणी वाढली, तसं आधी चाल बांधून त्यात शब्द बसवणं वाढलं. गाणं ऐकून अंदाज बांधता येतो. सगळ्या अंतऱ्यांत (कडव्यांत) लघु-गुरूचा साचा (प्रश्न ३) अगदी एकसारखा असेल आणि मध्येच एक-दोन अक्षरांचे तुकडे (हो, रे, गं) ठरावीक जागी येत असतील, तर चाल आधी झाली असण्याची शक्यता जास्त. अंतऱ्यागणिक चाल थोडी वळत असेल, तर शब्द आधी. हा अंदाजच आहे, पुरावा नव्हे.

३. चालीवर लिहायचं म्हणजे नेमकं काय करायचं?

पहिल्यांदा चाल चार-पाच वेळा नुसती ऐकायची आणि हातावर ठेका धरायचा. दादरा ६ मात्रांचा, रूपक ७, केरवा ८, झपताल १०, त्रिताल १६. सम (तालाची पहिली मात्रा) कुठे पडते ती जागा खूण करून ठेवायची, कारण ओळीतला सगळ्यात वजनदार शब्द तिथे यायला हवा.

मग साचा उतरवायचा. संगीतकार 'ल ला ला' करून किंवा कामचलाऊ शब्द घालून चाल म्हणतो, त्याचे लघु-गुरू कागदावर मांडायचे. लघु म्हणजे १ मात्रा, गुरू म्हणजे २. समजा साचा १६ मात्रांचा, ८ आणि ८ असा आहे. 'धूळ उडाली वाटेवरती' ही ओळ घ्या. धू-ळ २+१, उ-डा-ली १+२+२, झाले ८. वा-टे-व-र-ती २+२+१+१+२, हेही ८. जुळलं.

पण इथेच फसगत होते. चालीत 'वाटे'नंतर श्वासाची जागा असेल, तर ऐकणाऱ्याला 'वाटे… वरती' असं ऐकू येतं. 'वाटे' म्हणजे 'वाटतं' असा अर्थ लागतो आणि ओळ बिघडते. मात्रा बरोबर, गाणं चूक. म्हणून साच्यात मात्रांबरोबर तुटीच्या जागाही लिहायच्या.

मुखडा (ध्रुवपद) आधी लिहायचा, आणि एकच नाही, पाच-सहा पर्याय काढायचे. बैठकीत त्यातला एखादाच उरतो. अंतऱ्यात चाल सहसा वरच्या सुरांत जाते. त्याची शेवटची ओळ मुखड्याकडे परत आणते आणि तिचं यमक मुखड्याशी जुळावं लागतं. हिंदीत काम करणारे तिला 'क्रॉस लाईन' म्हणतात. नवशिके अंतरा छान लिहून या ओळीवर अडतात. त्यावर उपाय साधा आहे: मुखडा ठरला की त्याच्या यमकाचे दहा-बारा शब्द आधी मांडून ठेवायचे. पुरेसे शब्द मिळत नसतील तर मुखडाच बदलायचा, अंतऱ्यात ओढाताण करायची नाही.

शेवटी स्वतः गाऊन पाहायचं. आवाज चांगला असायची गरज नाही.

४. मात्रा मोजून लिहिलं तरी गाताना अडतं. का?

तीन ठिकाणी बहुतेक वेळा घोटाळा असतो.

पहिलं, जोडाक्षर. जोडाक्षराआधीचं ऱ्हस्व अक्षर गुरू होतं, हे शाळेत शिकवतात. मराठीत ते आघात पडला तरच खरं. 'पुण्या'मधल्या (पुण्य या अर्थाच्या, पुणे शहराच्या नव्हे) 'पु'वर आघात आहे, म्हणून शब्द ४ मात्रांचा. 'तुझ्या'मधल्या 'तु'वर नाही, म्हणून ३. लिहिताना दोन्ही सारखे दिसतात, म्हणून डोळ्यांनी मोजू नका, तोंडाने मोजा.

दुसरं, शब्दाच्या शेवटचा 'अ'. 'धूळ' लिहिताना ळ पूर्ण आहे, बोलताना तो 'धूळ्' होतो. छंदात त्याला १ मात्रा मिळते, पण त्यावर सूर धरता येत नाही. गायक मग 'धूळा' असं काहीतरी करतो, किंवा 'धू' लांबवून ळ टेकवतो. लांब सूर असलेल्या जागी असा शब्द ठेवूच नये.

तिसरं, वरच्या पट्टीतले स्वर. आ, ए, ओ मोकळे सुटतात. ई आणि ऊ तार सप्तकात आवळतात, आणि ट-ठ-ड वर संपणारी ओळ तोडल्यासारखी वाटते. चालीच्या सगळ्यात उंच जागी 'रानी'पेक्षा 'राना' गायला सोपं. गीतकार कसलेला आहे की नाही हे अशा जागांवरून कळतं.

५. गाणी तीन-साडेतीन मिनिटांचीच का असायची?

मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूला साधारण तेवढाच वेळ मावायचा. दोन ओळींचा मुखडा, दोन किंवा तीन अंतरे आणि मधले वाद्यांचे तुकडे एवढं त्यात बसतं. लांब गाणी दोन बाजूंवर भाग १, भाग २ अशी निघत. याचा आजचा उपयोग असा: पडद्यावर तीन अंतरे आणि तबकडीवर दोनच, असं आढळलं तर कुणी चोरी केली असं समजू नका. बसवताना कोणता पाठ धरायचा ते आधी ठरवा, नाहीतर पेटीवाला एक आणि गायक दुसरा पाठ धरून बसतो.

६. आमच्या भजनात म्हणतो तो अभंग सिनेमातला आहे म्हणतात. खरं का?

सगळ्यात जास्त येणारा प्रश्न हाच, आणि बऱ्याचदा उत्तर 'हो' असं आहे.

'आधी बीज एकले' तुकोबांचं नाही. प्रभातच्या 'संत तुकाराम' (१९३६) या चित्रपटासाठी ते शांताराम आठवले यांनी लिहिलं, चाल केशवराव भोळे यांची. 'इंद्रायणी काठी' हे ग. दि. माडगूळकरांचं, 'गुळाचा गणपती' (१९५३) मधलं, संगीत पु. ल. देशपांडे यांचं, आवाज भीमसेन जोशींचा. 'कानडा राजा पंढरीचा' हेही माडगूळकरांचंच, 'झाला महार पंढरीनाथ' (१९७०) मधलं.

आणि तेरच्या, म्हणजे गोरा कुंभारांच्या गावच्या, परिसरातल्या मंडळींसाठी वेगळं सांगायला हवं: 'विठ्ठला, तू वेडा कुंभार' हा गोरोबाकाकांचा अभंग नाही. ते माडगूळकरांनी 'प्रपंच' (१९६१) साठी लिहिलं, संगीत सुधीर फडके यांचं. चाक, माती, मडकं सगळं कुंभाराच्या घरातलं असल्यामुळे समज पक्का होतो. विठ्ठलालाच कुंभार करून त्याला वेडा म्हणण्याची ती सलगी आपल्या संतांच्या घरातलीच आहे, म्हणून ते परकं वाटत नाही.

भजनात म्हणू नये असं आमचं म्हणणं नाही. ज्या मातीत नामदेव, जनाबाई, एकनाथ झाले तिथल्या भजनी मंडळाने एखाद्या गीतकाराची रचना संतरचना म्हणून स्वीकारावी, याहून मोठं प्रशस्तिपत्र त्याला मिळायचं नाही. फक्त म्हणण्याआधी त्याचं नाव घ्या.

७. मग अभंग आणि चित्रपटगीत ओळखायचं कसं?

आधी नाममुद्रा पाहा: 'तुका म्हणे', 'नामा म्हणे', 'म्हणे जनी', 'एका जनार्दनी'. वर दिलेल्या 'आधी बीज एकले'त ती नाही. मग छंद पाहा. मोठा अभंग ६-६-६-४ अक्षरांचा, लहान ८-८ चा, आणि अभंगात मात्रा नाही, अक्षरं मोजतात. ओळी मात्रांत काटेकोर बसत असतील, मुखड्याकडे परतणारी ओळ असेल (प्रश्न ३), तर संशय घ्यायला जागा आहे.

पण या दोन्ही खुणा फसवू शकतात. चित्रपटासाठी लिहिणाऱ्याला अभंगाचा छंद हाताळता येतोच, आणि नाममुद्रा कुणालाही घालता येते. शेवटचा निकाल गाथेचाच. त्या संतांच्या छापील गाथेच्या अनुक्रमणिकेत पहिली ओळ शोधा, तीही एकाच आवृत्तीत पाहून थांबू नका.

८. मराठवाड्यातून कुणी मोठा गीतकार झाला का?

दोन नावं तर आपल्या प्रत्येक शाळेत ठाऊक असायला हवीत.

ना. धों. महानोर (१९४२–२०२३), सोयगाव तालुक्यातल्या पळसखेड्याचे शेतकरी. 'रानातल्या कविता' १९६७ साली आला, म्हणजे चित्रपटाच्या दहा वर्षं आधी. 'जैत रे जैत' (१९७७, दिग्दर्शन जब्बार पटेल, संगीत हृदयनाथ मंगेशकर) गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा, ठाकर समाजातला. अजिंठ्याच्या बाजूचा कवी सह्याद्रीतल्या ठाकरांसाठी लिहितो आणि ते उसनं वाटत नाही, कारण पाऊस, झाड, पीक आणि देहाची भूक या गोष्टी त्याने पुस्तकातून घेतलेल्या नाहीत. 'सर्जा' (१९८७) मधलं 'चिंब पावसानं रान झालं आबादानी' आठवा. 'आबादानी' हा फारसीतून आलेला शब्द. त्याच्या जागी 'समृद्ध' ठेवून पाहा, अर्थ तोच राहील आणि गाणं मरेल. 'एक होता विदूषक' (१९९२, संगीत आनंद मोडक) मध्ये त्यांनी तमाशाच्या अंगाने लिहिलं.

दुसरे बशर नवाज (१९३५–२०१५), औरंगाबादचे, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरचे उर्दू शायर. 'बाज़ार' (१९८२) मधलं 'करोगे याद तो हर बात याद आएगी' त्यांचं. संगीत खय्याम, आवाज भूपिंदर सिंग. गाणं देशभर माहीत, ते लिहिणारा आपल्या गावचा हे फार थोड्यांना माहीत, याची खंत वाटते.

९. एवढा मोठा भाग, मग जुन्या काळात आपले गीतकार इतके कमी का?

चित्रपट जिथे बनत तिथेच गीतकाराला बसावं लागायचं: कोल्हापूर, पुणे, मुंबई. बैठक, तालीम, रेकॉर्डिंग हे पत्राने होणारं काम नव्हतं. त्यात १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत मराठवाडा निजामाच्या राज्यात होता आणि कारभाराची भाषा उर्दू. मराठी बोलपटाची पहिली पंधरा-सोळा वर्षं त्यातच गेली. त्याच उर्दूचा वारसा वली आणि सिराज औरंगाबादी या जुन्या शायरांपासून बशर नवाजांपर्यंत येतो, हेही तितकंच खरं.

१०. आमची बोली गाण्यात चालेल का?

पात्र ती बोलत असेल तर चालायलाच हवी. बोली कधी कधी छंदातली अडचणही सोडवते. प्रश्न ३ मधली ओळ पाहा. 'धूळ'च्या जागी 'धुरळा' घेतला की ३ च्या ४ मात्रा होतात. 'धुरळा उडाला' म्हटलं तर ९ होतात, एक जास्त. आपल्याकडे 'उडला' म्हणतात, तेच लिहा: 'धुरळा उडला वाटेवरती'. ४+४, पुन्हा ८.

उलटंही होतं. 'कशाला' आणि 'कामून' यांचा अर्थ एकच, दोन्ही ५ मात्रांचे. पण 'कशाला' मोकळ्या 'आ'वर संपतो, 'कामून' न् वर बंद होतो (प्रश्न ४). म्हणून 'कामून' ओळीच्या सुरुवातीला किंवा मध्ये शोभतो, लांब सुराच्या जागी नाही. आणि एका गाण्यात लातूरकडचं एक रूप, जालन्याकडचं दुसरं असं मिसळू नका. गावातला माणूस लगेच ओळखतो.

११. नुसती गाणी लिहून पोट भरायचं का?

थोड्यांचं. जगदीश खेबुडकर शिक्षक होते. शैलेंद्र माटुंग्याच्या रेल्वे वर्कशॉपमध्ये कामाला होते, हसरत जयपुरी मुंबईत बस कंडक्टर. महानोर शेती करतच राहिले. माडगूळकर पटकथाही लिहीत. व्ही. शांताराम यांच्या 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) ची कथा त्यांची, गाणी मात्र भरत व्यासांची.

मानधन बहुतेक एकरकमी असायचं आणि हक्क निर्मात्याकडे जायचे. सर्वोच्च न्यायालयाच्या १९७७ च्या निकालाने निर्मात्याची बाजू आणखी भक्कम झाली. २०१२ च्या कायदा-दुरुस्तीनंतर गीतकार आणि संगीतकाराचा रॉयल्टीतला वाटा करारात लिहून घेऊनही काढून घेता येत नाही. तो फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. आज कुणी निर्माता 'सगळे हक्क कायमचे' असा कागद पुढे करत असेल, तर सहीआधी हे लक्षात ठेवा.

१२. जुन्या तबकडीवर गीतकाराचं नावच नाही. शोधायचं कुठे?

जुन्या तबकड्यांवर हे नेहमीचं. कधी गायकाचंही नाव नसे: 'महल' (१९४९) च्या 'आयेगा आनेवाला'च्या सुरुवातीच्या तबकडीवर लताबाईंऐवजी 'कामिनी' हे पात्राचं नाव होतं.

सगळ्यात उपयोगी वस्तू म्हणजे थिएटरात विकली जाणारी गाण्यांची पुस्तिका. घरातल्या ट्रंका, जुन्या बाजारातली रद्दीची दुकानं इथे ती अजून सापडते. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातही (स्थापना १९६४) अशा पुस्तिका जपलेल्या आहेत. हिंदीसाठी हरमंदिर सिंग 'हमराज़' यांचा हिंदी फिल्म गीत कोश दशकवार आहे. चित्रपटाची श्रेयनामावली पाहा, पण तिच्यावर एकटीवर विसंबू नका. शैलेंद्र आणि हसरत यांच्यासारखी दोन नावं एकत्र आली की कोणतं गाणं कुणाचं हे तिथे कळत नाही. पुस्तिकेचीही एक अडचण आहे. ती आधी छापलेली असे, त्यामुळे तिच्यातले काही शब्द, कधी अख्खं गाणं, पडद्यावर सापडत नाही.

१३. 'डॉ. वसंत अवसरे' हे गीतकार कोण? कुठेच माहिती मिळत नाही.

शांता शेळके. त्यांनी काही गाणी या नावाने लिहिली. तसेच 'आनंदघन' म्हणजे संगीतकार म्हणून लता मंगेशकर ('मराठा तितुका मेळवावा', १९६४). कार्यक्रमपत्रिकेत मूळ श्रेयातलं नाव द्या आणि शेजारी खरं नाव.

१४. गॅदरिंगमध्ये किंवा गणपतीत जुनं गाणं गायला परवानगी लागते का?

शाळेच्या कार्यक्रमात विद्यार्थी-शिक्षक गात असतील आणि प्रेक्षक शाळेतले, पालक व कार्यक्रमाशी संबंधित असतील, तर कायद्यात सूट आहे. हौशी मंडळाने तिकीट न लावता गायलं, किंवा धार्मिक संस्थेच्या मदतीसाठी गायलं, तरी सूट आहे. खऱ्या धार्मिक विधीलाही आहे, आणि लग्नाची वरात त्यात धरली जाते. तिकीट लावलेला ऑर्केस्ट्रा यात बसत नाही. तिथे शब्द आणि चालीसाठी गीतकार-संगीतकारांच्या सोसायटीचा परवाना लागतो. मूळ रेकॉर्ड वाजवणार असाल तर ध्वनिमुद्रणाचा वेगळा.

१५. साठ वर्षं झाली की गाणं मोकळं होतं ना?

अर्धवट खरं. एका गाण्यात तीन वेगळे हक्क असतात. ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रसिद्धीनंतर ६० वर्षं, पुढच्या १ जानेवारीपासून मोजून. शब्दांचा हक्क गीतकाराच्या आयुष्यभर आणि मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षं. चालीचा तसाच, पण संगीतकाराच्या मृत्यूवरून. म्हणून 'प्रपंच'च्या १९६१ च्या तबकडीची मुदत संपली तरी माडगूळकर १९७७ साली गेले, त्यांचे शब्द २०३७ अखेरपर्यंत संरक्षित. सुधीर फडके २००२ साली गेले, त्यांची चाल २०६२ अखेरपर्यंत. शैलेंद्र यांचे शब्द (मृत्यू १९६६) ३१ डिसेंबर २०२६ पर्यंत. संतांचा अभंग मोकळाच आहे, पण त्याला चित्रपटात लावलेली चाल नाही.

१६. जयंतीसाठी किंवा निवडणुकीत जुन्या चालीवर नवे शब्द घातले तर?

शब्द तुमचे, चाल दुसऱ्याची. चालीचा हक्क वर सांगितल्याप्रमाणे चालू असेल तर परवानगी लागते. गल्लीत, फुकट, हौसेने म्हटलं तर प्रश्न १४ मधली सूट लागू होऊ शकते. रेकॉर्ड करून भोंग्यावर किंवा यूट्यूबवर टाकलं तर नाही. पक्षाच्या प्रचाराचं काम पैसे घेऊन करणाऱ्या गीतकारांनी चाल लोकगीताची, गोंधळाची, जात्यावरच्या ओवीची घ्यावी. तिच्यावर कुणा एकाचा हक्क नसतो. फक्त ती खरोखर पारंपरिक आहे की एखाद्या चित्रपटातून गावात आली आहे, हे आधी तपासा. तपासायची पद्धत प्रश्न १२ चीच.

१७. छापील कविता आणि सिनेमातलं गाणं यांत शब्द वेगळे आहेत. खरा पाठ कोणता?

दोन्ही खरे, आपापल्या जागी. 'बाज़ार'मध्ये बशर नवाजांच्या शेजारी मीर तकी मीर आणि मख्दूम मोहिउद्दीन यांच्या रचना आहेत, त्या चित्रपटासाठी लिहिलेल्या नव्हत्या. अशी गझल गाण्यात घेताना काही शेर गाळले जातात, क्रम बदलतो. कविता म्हणून शिकवायची असेल तर संग्रहातला पाठ घ्या, गाणं म्हणून बसवायचं असेल तर रेकॉर्डवरचा. स्पर्धेत परीक्षकांना कोणता घेतला ते आधी सांगून ठेवा, म्हणजे 'शब्द चुकले' म्हणून गुण कापले जाणार नाहीत.